मोहाचा गंध, पेपऱ्याचा वारा

चैत्राच्या सुमारास आदिलाबादच्या रानात मोहफुलांचा उग्रगोड गंध झुळकीसरशी येतो. एखादे वेळी पेपऱ्याची लकेरही. सनईच्या जातीचे हे वाद्य फुंकणारे परधान म्हणजे राजगोंडांचे पिढीजात भाट. तीनतारी किकरीवर गज फिरवीत ते यजमानकुळाच्या पेर्सा पेनाची, थोरल्या देवाची, गाथा गोंडीत गातात. त्यावाचून पूजा अपुरी. देव म्हणजे भाल्याचे पाते आणि वाऱ्यावर भुरभुरणारी चवरी! नवल पुढेच आहे: यांतील अनेकांची घरची भाषा मराठी. हायमेंडॉर्फ यांनी १९४०च्या दशकात हे टिपले. आपण मात्र त्यांच्या ओसरीवर क्वचितच थांबलो. गाथा मुखोद्गत चालत आलेल्या; किकरीवाला गेला की एक कूळकथा जाते. पौष अमावास्येला केसलापूरच्या नागोबा जत्रेस जाणाऱ्यांनी दोन घटका त्यांच्यापाशी बसावे, खुशाल मराठीत बोलावे.