ईदच्या दिवशीची मॅच

2024 साली अमेरिकेत बकरी ईद रविवारी आली, 16 जूनला. त्याच दिवशी सकाळी साडेआठला आमच्या बारा वर्षांच्या नातवाच्या संघाची बेसबॉलची मॅच होती, तीही घरापासून गाडीने दीड तासावर. जिंकले तर दुपारी तिथेच फायनल. मशिदीतली पहिली जमात साडेसातची. हिशेब कसाही मांडला तरी ईदची नमाज आणि मॅच दोन्ही गाठता येत नव्हती.

कोच भला माणूस होता. तारीख ठरवताना त्याला ईद ठाऊक नव्हती, एवढंच. आणि चंद्राचं गणित त्याला समजावून सांगायला आपल्यातच तरी कुठे एकमत असतं!

मुलगा डेट्रॉइटजवळ इंजिनिअर आहे. ईदुल फित्र गावी करून एप्रिलच्या शेवटी मी आणि माझी पत्नी त्याच्याकडे गेलो होतो. कोकणात शाळामास्तर म्हणून जन्म गेला. खेळ म्हणजे क्रिकेट आणि कबड्डी, एवढीच माझी समजूत. बेसबॉल मला नातवाने शिकवला. शाळेतून आला की तो खेळाडूंची चित्रं छापलेल्या कार्डांचा गठ्ठा घेऊन माझ्यासमोर बसायचा आणि मी त्याचा विद्यार्थी व्हायचो.

खेळ वरवर आपल्या विटीदांडूसारखा वाटतो. बॅट गोल दंडुक्यासारखी. चेंडू टप्पा न घेता सरळ अंगावर येतो आणि तीन स्ट्राइक झाले की फलंदाज बाद. क्रिकेटमध्ये दिवसभर बॅट आडवी घालून उभं राहता येतं, तशी सोय इथे नाही. चेंडू कुंपणापार गेला की होमरन. मारणारा चारही ठाणी पळून परत येतो आणि आधीपासून ठाण्यांवर थांबलेले त्याचे सोबतीही घरी येतात. एका टोल्यात चार धावा होऊ शकतात. म्हणून सगळ्यांचं प्रेम या टोलेबाजांवर. आमचा नातू त्याच जातीचा. अंगाने भरलेला, बॅट फिरवली की पूर्ण गिरकी घेणारा आणि बऱ्याचदा हवेतच मारणारा.

हुकल्याबद्दल मी एकदा त्याला टोकलं तेव्हा त्याने बेब रूथचं कार्ड पुढे केलं. ‘‘दादा, हा 1,330 वेळा स्ट्राइकआउट झालाय. आणि 714 होमरन.’’

रूथ म्हणजे या खेळाचा सर्वांत रंगेल माणूस. बाल्टिमोरच्या एका गुत्तेवाल्याचा मुलगा. आईबापांना आवरेना म्हणून सातव्या वर्षी कॅथलिक ब्रदर्सच्या सुधारगृहवजा शाळेत टाकलेला. तिथल्या ब्रदर मथायस यांनी त्याला हा खेळ शिकवला. आधी तो बोस्टनचा उत्तम पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा होता. 1919 च्या अखेरीस न्यूयॉर्कच्या यांकीज संघाने त्याला एक लाख डॉलरला विकत घेतलं. पुढच्याच वर्षी त्याने 54 होमरन मारले. त्यांच्या लीगमधल्या दुसऱ्या कोणत्याही अख्ख्या संघाला मिळून तेवढे जमले नव्हते. 1930 साली त्याचा पगार 80,000 डॉलर होता आणि देशाच्या राष्ट्राध्यक्षांचा 75,000. खाणं, पिणं, उधळपट्टी, कशालाच धरबंध नाही. कोणाचं नाव त्याच्या लक्षात राहत नसे, सगळ्यांना तो ‘किड’ म्हणे. आमच्या मासिकात ज्याच्या चालीरीतींचा दाखला द्यावा असा माणूस मुळीच नव्हे. पण पोरांच्या घोळक्यात उभे असलेले त्याचे फोटो पाहिले की राग टिकत नाही. आईबाप असून अनाथासारखं वाढलेलं मूल त्या मोठ्या देहात कुठेतरी राहिलं असावं, असं मला मास्तर म्हणून वाटतं.

आम्ही तिथे असतानाच, मेच्या अखेरीस, टीव्हीवर बातमी आली की मेजर लीग बेसबॉलने जुन्या निग्रो लीगचे आकडे आपल्या नोंदीत घेतले. म्हणजे काय, ते मुलाने समजावलं. 1947 पर्यंत काळ्या खेळाडूंना मोठ्या लीगमध्ये प्रवेशच नव्हता; त्यांचे संघ वेगळे, सामने वेगळे, नोंदीही वेगळ्या आणि अर्धवट. त्यांच्यातला जॉश गिब्सन नावाचा कॅचर इतके लांब टोले मारायचा की त्याला काळा बेब रूथ म्हणत. जानेवारी 1947 मध्ये तो वयाच्या पस्तिसाव्या वर्षी वारला आणि एप्रिलमध्ये जॅकी रॉबिन्सनला दार उघडलं. गिब्सनच्या कबरीवर 1975 पर्यंत नावाचा दगडसुद्धा नव्हता. आता त्या नव्या नोंदीप्रमाणे फलंदाजीच्या सरासरीत सगळ्यांत वरचं नाव त्याचं, .372. माणूस जाऊन सत्त्याहत्तर वर्षं झाल्यावर!

आणि हँक एरन. रूथचा 714 चा विक्रम मोडायला निघालेला हा शांत, मितभाषी काळा माणूस. 1973 या एका वर्षात त्याला नऊ लाखांहून जास्त पत्रं आली. पुष्कळ कौतुकाची, पण शिव्यांची आणि ठार मारण्याच्या धमक्यांचीही ढिगाने. 8 एप्रिल 1974 ला अटलांटात त्याने 715 वा होमरन मारला तेव्हा त्याची आई मैदानात येऊन त्याला घट्ट बिलगली. कोणी गोळी घालील ही भीती तिच्या मनात होती. पण माझ्या मनात रुतून बसला तो त्याच्या उमेदवारीतला प्रसंग. 1952 साली वॉशिंग्टनमध्ये संघातल्या काळ्या मुलांनी एका हॉटेलात नाश्ता केला आणि ते उठल्यावर आतून त्यांनी खाल्लेल्या बशा फोडल्याचा आवाज आला. हे ऐकून माझी पत्नी म्हणाली, ‘‘आपल्याकडे निदान कपबशी वेगळी ठेवायचे, फोडायचे नाहीत.’’ मग स्वतःच गप्प झाली.

तर असे दिवस चालले होते आणि ईद जवळ येत होती.

घरात चार मतं. सून म्हणाली, वर्षभर घाम गाळलाय पोराने, जाऊ दे. पत्नी म्हणाली, ईद वर्षातून दोनदा, मॅच दर आठवड्याला. मुलगा म्हणाला, त्यालाच ठरवू दे. म्हणजे बापाने अंग काढून घेतलं. माझं मत कोणी विचारलं नव्हतं, म्हणून ते जास्त पक्कं होतं.

ईदला खेळायला आपल्याकडे मनाई नाही, हे मला माहीत होतं. ईदच्या दिवशी हबशी लोक मशिदीत ढाली-भाल्यांचे खेळ करत होते आणि प्रेषित मुहम्मद (स.) यांनी हजरत आयेशा (रजि.) यांना ते पाहू दिले, ही हदीस बुखारीत आहे. प्रश्न खेळाचा नव्हता, नमाज चुकण्याचा आणि ईदच्या दिवशी घरात नसण्याचा होता.

त्याच सुमारास मुलगा आम्हाला डेट्रॉइट टायगर्सच्या मैदानावर घेऊन गेला. तिथे जुन्या खेळाडूंचे पुतळे आहेत. त्यातला एक हँक ग्रीनबर्ग. बॅट फिरवून झालेली, नजर चेंडूमागे. ‘‘हा ज्यू होता,’’ मुलगा म्हणाला, ‘‘सणाला खेळला नव्हता म्हणे.’’ त्याला तेवढंच माहीत होतं. दुसऱ्या दिवशी मी गावातल्या वाचनालयात जाऊन बसलो.

ग्रीनबर्ग न्यूयॉर्कच्या ब्राँक्समध्ये वाढला. आईवडील रोमानियातून आलेले, धर्माचे कडक. पोरगा सहा फूट चार इंच. यांकीजना तो हवा होता, पण त्यांच्याकडे त्याच्या जागेवर लू गेरिग होता, म्हणून हा डेट्रॉइटला आला. ते काय शहर होतं! शेजारच्या डिअरबॉर्नमधून हेन्री फोर्डच्या साप्ताहिकाने 1920 च्या दशकात वर्षानुवर्षं ज्यूंविरुद्ध गरळ ओकलेली. (त्याच डिअरबॉर्नमध्ये आज दुकानांवर अरबी पाट्या आहेत आणि आम्ही हलाल मटण तिथूनच आणतो.) मैदानात समोरच्या संघाच्या बाकावरून त्याला धर्मावरून शिव्या पडत.

1934 साली डेट्रॉइट अजिंक्यपदाच्या शर्यतीत होता आणि सप्टेंबरात ज्यूंचं नववर्ष आलं. खेळावं की नाही? वर्तमानपत्रांत चर्चा झाली. रब्बींना विचारलं गेलं. मुलं सणाला खेळत असा उल्लेख तालमुदात आहे, असं मत छापून आलं. तो खेळला. त्याने दोन होमरन मारले आणि डेट्रॉइटने बोस्टनला 2-1 असं हरवलं. दोन्ही धावा त्याच्याच. नऊ दिवसांनी योम किप्पूर आला, त्यांचा उपवासाचा आणि तौबेचा सर्वांत मोठा दिवस. त्या दिवशी त्याने बॅट उचलली नाही. तो सिनेगॉगमध्ये गेला तेव्हा प्रार्थना थांबवून लोकांनी टाळ्या वाजवल्या.

रात्री जेवणानंतर मी ही गोष्ट नातवाला सांगितली. 1938 मध्ये त्याने 58 होमरन मारले आणि रूथच्या 60 च्या विक्रमाला दोन कमी पडले, तेही सांगितलं. लढाईत गेलेली त्याची उमेदीची वर्षं सांगितली. 1947 साली, कारकिर्दीच्या शेवटच्या वर्षी, जॅकी रॉबिन्सनशी मैदानात टक्कर झाल्यावर याने त्याची आपुलकीने विचारपूस केली, धीर धर म्हणून सांगितलं, तेही. शिव्या खाल्लेल्या माणसाला शिव्या खाणारा ओळखू येतो. पोरगा टक लावून ऐकत होता. मास्तरकीची जुनी कला कामाला आली होती.

दोन दिवसांनी त्याने कोचला कळवलं की तो येणार नाही. कोचने लगेच उत्तर दिलं, ‘काही हरकत नाही, सण आनंदात साजरा कर.’ बिचाऱ्याने मनापासून लिहिलं होतं. पण ‘काही हरकत नाही’ हे नातवाला लागलेलं मला दिसलं.

ईदची नमाज छान झाली. तिकडे त्या दिवशी ‘फादर्स डे’ही होता, त्यामुळे मुलाला दोन-दोन शुभेच्छा मिळत होत्या. मशिदीत कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत. नातवाची मॅच होती हे तिथे कोणाला ठाऊकच नव्हतं. घरी बिर्याणी होती, पाहुणे होते, ईदी होती. चारच्या सुमारास त्याच्या फोनवर फोटो आला. संघ फायनल जिंकला होता. त्याच्या जागी जो खेळला, त्याने होमरन नाही मारला, पण दोन धावा काढून दिल्या. फोटोत सगळे चषकाभोवती.

तो बराच वेळ अंगणात पायरीवर बसून होता. मी शेजारी जाऊन बसलो.

‘‘दादा, ग्रीनबर्ग खेळला नाही त्या दिवशी डेट्रॉइट हरलं होतं. यांकीजनी हरवलं, 5-2. मी वाचलं.’’

‘‘हो.’’

‘‘तुम्ही सांगितलं नाहीत.’’

खरं होतं. टाळ्यांचं मी रंगवून सांगितलं होतं आणि हरल्याचं गाळलं होतं. पोराला भीती वाटेल, आपण नसलो तर संघ हरेल म्हणून तो जायला निघेल, असा माझा हिशेब. तीस वर्षं मुलांना पूर्ण उत्तर लिहा म्हणून सांगत आलो आणि नातवाला अर्धंच दिलं. मी त्याची माफी मागितली. त्याला त्याचं विशेष काही वाटलं नाही. त्याचं दुखणं वेगळंच होतं.

‘‘तो नव्हता म्हणून ते हरले. मग सगळ्यांना कळलं की तो किती मोठा. माझे तर जिंकले.’’

याला मी काय बोलणार? शिवाय त्याने आणखी एक शोधून काढलं होतं. योम किप्पूर आला तोवर डेट्रॉइट शर्यतीत बरंच पुढे गेलेलं होतं. ‘‘म्हणजे त्याला सोपं होतं,’’ तो म्हणाला. मी म्हटलं, असेल. खुद्द ग्रीनबर्गसुद्धा फार धार्मिक नव्हता. आईवडिलांसाठी त्याने ते केलं, हेही मी या वेळी सांगून टाकलं. आता काहीच राखून ठेवायचं नव्हतं.

‘‘आणि मी कोणासाठी केलं?’’ त्याने विचारलं.

खिडकीतून त्याची दादी आमच्याकडेच बघत होती. मी तिच्याकडे बघितलं, तिने पडदा ओढला.

थोड्या वेळाने तो उठला, ईदचा कुर्ता काढून टी-शर्ट घालून आला आणि बॅट घेऊन गवतावर उभा राहिला. ‘‘दादा, बॉल टाका.’’ मी टाकला. हुकला. दुसरा टाकला, तोही हुकला. तिसरा बॅटच्या कडेला लागून सुनेच्या पुदिन्यात गेला.

‘‘अजून एक,’’ तो म्हणाला.

जूनमध्ये तिकडे रात्री नऊ वाजेपर्यंत उजेड असतो. मगरिबपर्यंत मी टाकत राहिलो. नंतर दोन दिवस खांद्याला मलम चोळत बसलो होतो.