फिजिक्सचे मार्क आणि तिसरी सिंफनी

शुक्रवारी रात्री अडीचला रिलीज संपलं. झोप तर उडालीच होती, म्हणून बरेच दिवस पडून असलेलं अँथनी बर्जेसचं आत्मचरित्र कपाटातून काढलं आणि अख्खा शनिवार त्यातच गेला. (धुवायचे कपडे अजून तसेच आहेत. असो.)

बर्जेस म्हटलं की 'अ क्लॉकवर्क ऑरेंज'. त्यातही आपल्यापैकी बहुतेकांनी १९६२ ची कादंबरी वाचलेली नसते, कुब्रिकचा १९७१ चा सिनेमा पाहिलेला असतो, तोही हॉस्टेलवर कुणाच्या तरी हार्ड डिस्कवरून. मीही त्यातलाच. पुस्तकातली पोरं जी रशियन शब्द मिसळलेली भाषा बोलतात ती बर्जेसने स्वतः घडवली होती. अमेरिकन आवृत्तीत शेवटचं एकविसावं प्रकरण गाळलेलं होतं, ते तिथे छापून यायला १९८६ उजाडलं. त्या प्रकरणात अ‍ॅलेक्स मोठा होतो, त्याला मारामारीचा कंटाळा येतो. सिनेमात हे नाहीच.

पण मी अडकलो ते दुसऱ्याच गोष्टीत. ह्या माणसाला मुळात व्हायचं होतं संगीतकार.

जन्म १९१७ चा, मँचेस्टरचा. खरं नाव जॉन विल्सन. १९१८ च्या फ्लूच्या साथीत आई आणि बहीण दोघी गेल्या, हा तेव्हा जेमतेम पावणेदोन वर्षांचा. वडील पबमध्ये पियानो वाजवायचे. पोराने घरी बनवलेल्या रेडिओवर डेब्यूसीच्या रचनेतली बासरी ऐकली आणि संपलंच सगळं. पियानो बराचसा स्वतःच शिकला. पुढे मँचेस्टर विद्यापीठात संगीताला प्रवेश मागितला तर नकार. कारण काय? फिजिक्सचे मार्क कमी!

इथे मी पुस्तक खाली ठेवलं.

कारण माझं नेमकं उलटं झालंय. मला फिजिक्सला चांगले मार्क पडले म्हणून संगीत सुटलं. बारावीच्या वर्षी बाबांनी पेटी माळ्यावर टाकली, "एकच वर्ष रे" म्हणून. मग सीईटी, इंजिनिअरिंग, कॅम्पस, कंपनी. त्या एका वर्षाला आता अकरा वर्षं झाली. ह्यात बाबांचा दोष नाही हं, खाली काढायला मलाही कुणी अडवलं नव्हतं.

तर बर्जेस इंग्रजी शिकला, मास्तर झाला, मलाया आणि ब्रुनेईत शिकवायला गेला. १९५९ मध्ये ब्रुनेईत वर्गातच कोसळला. त्याच्या म्हणण्यानुसार डॉक्टरांनी मेंदूत ट्यूमर सांगितला आणि हातात एक वर्ष. मागे बायकोला चार पैसे राहावेत म्हणून गडी धडाधड कादंबऱ्या लिहीत सुटला. वर्ष संपलं, हा काही गेला नाही! चरित्रकारांना ही ट्यूमरची कथा फारशी पटत नाही, आणि स्वतःबद्दल तिखटमीठ लावून सांगायची त्याला सवयच होती. पण लिहिणं खरं. १९९३ मध्ये वारला तोवर तीसहून जास्त कादंबऱ्या आणि वर्तमानपत्रांतली ढीगभर परीक्षणं. १९६३ मध्ये तर टोपणनावाने लिहिलेली स्वतःचीच कादंबरी 'यॉर्कशायर पोस्ट'ने त्याच्याकडे परीक्षणाला पाठवली आणि पठ्ठ्याने खुशाल परीक्षण लिहिलं. काम गेलं. आपणच कोड लिहायचा आणि दुसऱ्या लॉगिनने अप्रूव्ह करायचा, तसलं प्रकरण.

एवढ्या सगळ्यात स्वरलेखन मात्र थांबलं नाही. अडीचशेच्या आसपास रचना. बऱ्याचशा कागदावरच राहिल्या. १९७५ मध्ये अमेरिकेतल्या आयोवा विद्यापीठाच्या ऑर्केस्ट्राने त्याची तिसरी सिंफनी वाजवली तेव्हा तो अठ्ठावन्न वर्षांचा होता.

तिचं रेकॉर्डिंग आहे. रात्री हेडफोन लावून ऐकलं. खरं सांगू? त्याच्या कादंबरीइतकं नाही भिडलं. मधेच छान काहीतरी येतं आणि निसटतं. पण मला सारखं वाटत होतं की ह्यातला एकेक स्वर त्याने परीक्षणं आणि डेडलाइन सांभाळून बसून लिहिलाय, कुणी मागितलेला नसताना.

रविवारी आईला फोन केला. पेटी आहे का अजून, विचारलं. "आहे की. भाता फाटलाय आणि दोन सूर बसलेत," ती म्हणाली. "का रे, विकायचीय?"

म्हटलं, नको. पुढच्या लाँग वीकेंडला येतोय. बाबांना इतक्यात सांगू नकोस.