न दिसणाऱ्या देशपांडे आँटी

एक सोपा प्रश्न विचारते. 'द लंचबॉक्स' हा सिनेमा तुम्ही पाहिला असेल, तर सांगा पाहू, त्यातल्या देशपांडे आँटी कोणत्या रंगाची साडी नेसल्या होत्या?

आठवत नाही ना? आठवणारच नाही. कारण अख्ख्या सिनेमात त्या एकदाही दिसत नाहीत. इला स्वयंपाक करत असताना खिडकीतून वरच्या मजल्यावरचा त्यांचा आवाज येतो. कधी दोरीला बांधलेली टोपली खाली येते. बस, एवढंच. तरीही सिनेमा संपल्यावर वाटतं, या बाईंना आपण चांगलं ओळखतो.

तो आवाज भारती आचरेकर यांचा.

भारतीताईंचं घर गाण्याचं. त्यांच्या आई म्हणजे ज्येष्ठ गायिका माणिक वर्मा, 'गीतरामायण' आकाशवाणीवर पहिल्यांदा सादर झालं तेव्हा त्यात गायलेल्या, 1974 मध्ये पद्मश्री मिळालेल्या. बहीण राणी वर्मा गायिका, तर दुसरी बहीण वंदना गुप्ते अभिनेत्री. 'बाईपण भारी देवा'मुळे वंदनाताई तुमच्या घरातल्या लहानांनाही माहीत असतील. अशा घरातल्या भारतीताई नाटक, सिनेमा आणि टीव्ही अशा तिन्ही ठिकाणी रमल्या. 'चमेली की शादी'त (1986) त्या चमेलीची आई होत्या. नायिकेची आई, नायकाची बायको, शेजारीण अशा भूमिका त्यांच्या वाट्याला जास्त आल्या. पोस्टरवर अशा माणसांचा चेहरा सहसा नसतो. पण ती नसतील तर गोष्टीतलं घर घरासारखं वाटत नाही.

त्यांना घराघरांत पोहोचवलं ते 1988 मध्ये दूरदर्शनवर आलेल्या 'वागले की दुनिया'ने. व्यंगचित्रकार आर. के. लक्ष्मण यांच्या कल्पनेतला हा मध्यमवर्गीय माणूस. दिग्दर्शक कुंदन शाह आणि निर्मिती दुर्गा खोटे यांच्या संस्थेची. अंजन श्रीवास्तव झाले श्रीनिवास वागळे आणि भारतीताई त्यांची बायको राधिका. एका भागात तर तरुण शाहरुख खानही छोट्याशा भूमिकेत दिसून गेला होता!

माझा जन्म त्यानंतर बऱ्याच वर्षांनी झाला. मी हे भाग फोनवर पाहिले, बंगळूरला नोकरीसाठी आल्यावर, रात्री जेवताना. लक्ष्मण मूळचे म्हैसूरचे, म्हणजे इथून जवळचेच. ते तिकडून मुंबईला गेले आणि अखेरची वर्षं पुण्यात राहिले. माझा प्रवास नेमका उलटा, म्हणून गंमत वाटली. पण खरी मजा राधिकाला पाहण्यात होती. मालिकेच्या नावात वागळे म्हणजे तिचा नवरा. पण वागळे तर तीही होतीच की! तो बाहेरच्या जगात ठेचकाळून घरी येतो आणि ती त्याला पुन्हा उभं करते. भारतीताई हे सगळं इतक्या सहज करतात, की यात अभिनय आहे हे लक्षातच येत नाही.

2021 मध्ये सोनी सबवर ही मालिका नव्या रूपात आली. आता गोष्ट मुलाची, राजेशची, म्हणजे सुमीत राघवनची. पण आईवडील तेच, अंजन श्रीवास्तव आणि भारती आचरेकर. 33 वर्षांनी तीच राधिका, आता आजीच्या रूपात. एखाद्या भूमिकेबरोबर असं म्हातारं व्हायला किती जणींना मिळतं?

तरीही मला सगळ्यात जवळच्या वाटतात त्या देशपांडे आँटीच. 'द लंचबॉक्स' 2013 मध्ये कान महोत्सवात दाखवला गेला. इरफान खान आणि निम्रत कौर यांचं भरभरून कौतुक झालं, ते रास्तच होतं. पण वरच्या मजल्यावर काय चाललंय ते आठवा. आँटींचे यजमान कित्येक वर्षं कोमात आहेत. त्यांची नजर छताच्या पंख्यावर लागलेली. म्हणून आँटी तो पंखा बंदही करत नाहीत, फिरता असतानाच पुसतात. हे त्या कशा सांगतात? रडत नाहीत. आजच्या भाजीत काय कमी पडलं हे सांगाव्या त्याच सुरात सांगतात. आणि लगेच इलाच्या डब्याची काळजी करतात.

हे ऐकताना मला माझी आजी आठवली. आजोबा अंथरुणाला खिळले होते, तेव्हा घरी येणारा प्रत्येक जण विचारायचा, "आजोबांची तब्येत कशी आहे?" आजी सगळ्यांना चहा द्यायची, औषधांच्या वेळा सांगायची आणि आत जायची. तिची तब्येत कशी आहे, हा प्रश्न त्या घरात फारसा ऐकू आला नाही. तीही एका अर्थी नुसता आवाजच झाली होती, स्वयंपाकघरातून येणारा. चेहरा ज्याचा दिसायचा, तो पेशंट.

आपल्याकडे अशी घरं कमी नाहीत. कुठे सासूबाई, कुठे आई, कुठे लग्न न झालेली आत्या, वर्षानुवर्षं कुणाचं तरी करत असते. भारतीताईंनी त्या सगळ्यांना एक आवाज दिला आणि तोही हसरा, जरा आगाऊ, मसाल्यांबद्दल ठाम मतं असणारा. 'बिचारी' हा शब्द त्यांनी आँटींच्या जवळपासही फिरकू दिला नाही, हेच मला त्यांचं मोठेपण वाटतं.

तेव्हा सिनेमा पुन्हा पाहाल, तर या वेळी वरच्या खिडकीकडे कान ठेवा. आणि तुमच्या ओळखीच्या एखाद्या घरी कुणी आजारी असेल, तर भेटायला गेल्यावर आधी स्वयंपाकघरात डोकवा. "तुम्ही कशा आहात?" एवढंच विचारा. आणि उत्तर येईपर्यंत थांबा. कारण पहिलं उत्तर बहुतेक "मला काय धाड भरलीये?" असंच येईल. खरं उत्तर त्यानंतर येतं.