एकवीस फुटांची दोरी

पुढच्या रविवारी गिरगाव चौपाटीवर जाल तेव्हा एकवीस फूट लांबीची दोरी बरोबर न्या. ओहोटी असली तर उत्तम, कारण वाळू घट्ट असते. दोरीचं एक टोक मित्राच्या हातात देऊन त्याला एका जागी उभं करा. दुसऱ्या टोकाला काडी बांधा आणि दोरी ताणून त्याच्याभोवती गोल रेघ ओढा. झालं ४२ फूट व्यासाचं रिंगण! आता रेघेच्या कडेकडेनं जोरात धावा. अंग आपोआप आत कलतं ना?

सर्कशीचं रिंगण एवढंच असतं, बरं का. १७६८ मध्ये लंडनला फिलिप अ‍ॅस्टली नावाच्या घोडेस्वारानं गोलात कसरती दाखवायला सुरुवात केली आणि पुढे हेच माप ठरून गेलं. घोडा गोलात एका लयीत दौडत असला, की त्याच्या पाठीवर उभा असलेला माणूस आत कलून तोल सांभाळू शकतो.

आता ठाकूरद्वार, चिराबाजार करत धोबीतलावाला या. पुढे क्रॉस मैदान आणि आझाद मैदान लागतात. ओव्हल आणि कूपरेज धरून हे सगळं पूर्वी एकच मोठं एस्प्लनेड मैदान होतं. १८७९ साली ज्युसेप्पे कियारिनीची इटालियन सर्कस इथे आली. प्रेक्षकांत होते विष्णुपंत छत्रे, कुरुंदवाड संस्थानच्या पागेचे प्रमुख. माणूस गाण्याचाही वेडा! ग्वाल्हेरला हद्दू खाँकडे गाणं शिकलेला. पुढे गुरूचे पुत्र रहिमत खाँ हलाखीत सापडले, तेव्हा विष्णुपंतांनी त्यांना सर्कशीबरोबर सांभाळलं.

सांगतात ते असं, की हिंदुस्थानी लोकांना अशी सर्कस इतक्यात जमायची नाही, असं कियारिनी म्हणाला. विष्णुपंतांना ते झोंबलं.

स्वतः घोड्यावर कसरत करणं त्यांना अवघड नव्हतं. खरी कसोटी होती ती घोडा शिकवण्याची. ढोल वाजो, दिवे लखलखोत, लोक ओरडोत, घोड्यानं चाल बदलता कामा नये. तो एकदा बुजला, की पाठीवरचा माणूस थेट जमिनीवर! म्हणून रोज तेच रिंगण, तीच चाल, तोच आवाज. घाई करून भागत नाही. चाबकानं तर नाहीच.

आणि २० मार्च १८८० ला, निवडक प्रेक्षकांसमोर, त्यांच्या 'ग्रेट इंडियन सर्कस'चा पहिला खेळ झालादेखील!

ही सर्कस पुढे दूर दूर फिरली. १८८८ मध्ये ती केरळात तेल्लिचेरीला गेली. तिथे कीलेरी कुन्हिकण्णन हे कसरतीचे गुरुजी विष्णुपंतांना भेटले आणि सर्कशीसाठी मुलं तयार करू लागले. १९०१ मध्ये त्यांनी सर्कशीची शाळाच काढली. आपल्याकडच्या सर्कशींत पूर्वी इतके कलावंत केरळचे का असत, ते आता कळलं?

आणि हो, दोरी आठवणीनं घरी परत आणा. कपडे वाळत घालायची असली तर आई शोधत असेल!