पायाला बांधलेलं लेबल

गेल्या जुलैतला शनिवार. डोक्यावर डेडलाइन आणि मी राहनाळला, मामाकडे. भिवंडीचं राहनाळ म्हणजे आता जिकडे बघाल तिकडे गोडाऊन. आपण ऑफिसात बसून ऑनलाइन जे मागवतो, त्यातलं बरंचसं या भागातूनच तर निघतं!

लेख होता हुमायून अब्दुलअलींवर (१९१४-२००१). बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या संग्रहातल्या पक्ष्यांची सूची करणारा माणूस. १९६८ पासून १९९६ पर्यंत ती सोसायटीच्या जर्नलमध्ये भागाभागाने छापून आली. अठ्ठावीस वर्षं एकच काम! आपल्याला एका नोकरीत दोन वर्षं काढली तरी कंटाळा येतो.

पण खरं सांगू? हा माणूस मला पचत नव्हता. पक्षी मारायचा, कातडं सोलून आत कापूस भरायचा, पायाला लेबल बांधायचं आणि ड्रॉवरमध्ये ठेवून द्यायचा. यात प्रेम कुठे आलं? आणि १९५१ च्या मुंबई राज्याच्या वन्यप्राणी-पक्षी संरक्षण कायद्याच्या मसुद्यामागेही हाच माणूस! बेडकांच्या तंगड्यांच्या निर्यातीविरुद्ध भांडणाराही हाच. बेडूक शेतातले किडे खातात, ते परदेशी धाडून आपण कीटकनाशकं विकत घ्यायची का, हा त्याचा साधा सवाल. १९८७ मध्ये निर्यातबंदी आली. सह्याद्रीतल्या एका बेडकाला तर १९५५ सालीच त्याचं नाव मिळालं होतं: निक्टिबॅट्रॅकस हुमायुनी.

रात्री पाऊस लागला. मामा ओटीवर बसला होता.

"पूर्वी असा पाऊस पडला की बेडकांच्या आवाजाने झोप लागायची नाही गं. आता नुसते ट्रक."

समोर मामाचं शेत होतं. आता तिथे गोडाऊन आहे.

"कुठले बेडूक होते रे मामा?"

"कुठले म्हणजे? पिवळे, मोठे. आणि बारीक बारीक पण. नावं कोण विचारतंय?"

मी गप्प झाले. त्या ड्रॉवरमधल्या पक्ष्याच्या लेबलवर जागा असते, तारीख असते, गोळा करणाऱ्याचं नाव असतं. म्हणजे हा जीव इथे, या दिवशी होता, याचा पुरावा. मामाच्या शेतातल्या बेडकांचा पुरावा फक्त मामाच्या डोक्यात. सात-बारावर बेडकांची नोंद थोडीच असते?

जीव मारणं मला आजही जमणार नाही. पण लिहून ठेवणं तर जमेल?

रात्री दीडला घरामागच्या गटाराकडून आवाज आला. एकच बेडूक. छत्री घेऊन गेले, मोबाइलवर रेकॉर्ड केला. फाइलला नाव दिलं: राहनाळ, तारीख, वेळ, माझं नाव.

मामा आधी हसला. मग म्हणाला, "माझं पण नाव टाक त्यात."

टाकलं.