घोलवडच्या वाटेवरचे दिवे

घोलवड हे डहाणू तालुक्यातले गाव मुंबईकराच्या लेखी उंबरठ्यापलीकडचे. चर्चगेटची लोकल २०१३ च्या एप्रिलात डहाणू रोडपर्यंत आली, आणि तिथेच थांबली. घोलवड त्याच्या पुढचेच स्टेशन. मग बोर्डी रोड आणि त्यानंतर उमरगाव, म्हणजे गुजरातच. घोलवडला उतरावे तर चिकूच्या गर्द वाड्या, ताडांच्या रांगा, बोर्डीच्या किनाऱ्यावरची सुरूची बने. जवळच कोसबाडची टेकडी. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी १९४५ साली बोर्डीला मांडलेला बालशिक्षणाचा संसार पुढे याच टेकडीवर नेला आणि आदिवासी मुले जिथे गुरे चारीत तिथेच कुरणशाळा भरवली.

प्रवासी या साऱ्याकडे कौतुकाने पाहतो. पण ज्या दिव्यांच्या भरवशावर तो इथवर सुखरूप येतो, ते रुळांकडेचे दिवे त्याला दिसतात फक्त गाडी थांबली म्हणजे, आणि मग दिसतात तेही रागाने!

वाट जुनी आहे. सुरतेकडून येणारी ही लोहवाट १८६४ साली मुंबईच्या ग्रँट रोडला येऊन मिळाली. पुढे कित्येक वर्षे सिग्नल म्हणजे उंच खांबावरचा हात. आडवा असला की थांबा, झुकला की या. केबिनमधला दांडा ओढला की लांबलचक तारेने तो हात हलायचा. रात्री त्याच्यापाशी रॉकेलचा दिवा असे, आणि शिडी चढून त्याची निगा राखणारा माणूसही असे. स्टेशनास्टेशनांत घंटांची भाषा चाले. पुढच्या स्टेशनाने ‘लाइन क्लिअर’ दिल्याखेरीज मागच्याने गाडी सोडायची नाही, आणि ती पोचेपर्यंत तिच्यामागे दुसरी सोडायची नाही. नियम सोपा होता: मधल्या वाटेवर एका दिशेने एका वेळी एकच गाडी.

मुंबईच्या गर्दीला हा संथ शिष्टाचार कसा परवडणार? १९२८ साली व्हिक्टोरिया टर्मिनस आणि भायखळा यांच्या दरम्यान रंगीत दिव्यांचे आपोआप चालणारे सिग्नल आले. त्यांच्यामागची युक्ती त्याहून जुनी, विल्यम रॉबिन्सन या अमेरिकन गृहस्थाने १८७२ साली काढलेली. रुळांतून अगदी मंद वीज खेळवायची. तिच्यावर एक रिले जागा राहतो आणि दिवा हिरवा ठेवतो. गाडी आली की वीज चाकांतूनच परत फिरते, रिले पडतो, आणि मागचा दिवा लाल होतो. खरे शहाणपण पुढेच आहे. तार तुटली, वीज गेली, पावसाचे पाणी रुळांवर चढले, तरी परिणाम तोच: लाल. यंत्राला खात्री वाटेनाशी झाली की ते ‘थांबा’ म्हणते. ‘सिग्नलमधील बिघाडामुळे’ ही घोषणा ऐकून आपण कपाळाला आठ्या घालतो; पण त्या वेळी दिवा एवढेच सांगत असतो, की पुढची वाट मोकळी आहे अशी ग्वाही मी देऊ शकत नाही.

मग म्हाताऱ्या यंत्रणेत भिण्यासारखे काय? केबल जीर्ण होतात, सांध्यांतले इन्सुलेशन झिजते, किनाऱ्याची खारी हवा लोखंडाला गंज चढवते. यंत्र घरातल्या आजोबांसारखे शंकेखोर होते आणि वाट मोकळी असतानाही नको नको म्हणू लागते. पण शहराला थांबून चालत नाही. स्वयंचलित सिग्नल लाल असला, तर ड्रायव्हरने दिवसा एक मिनिट आणि रात्री दोन मिनिटे थांबावे, आणि मग जपून, हळूहळू पुढे जावे, अशी नियमातच सोय आहे. त्या क्षणी यंत्राचा पहारा उठतो आणि शेकडो जिवांची जबाबदारी एका माणसाच्या डोळ्यांवर येते. लाल दिवा रोजचाच झाला, की त्याचा धाक उरत नाही. खरा धोका इथे आहे.

हे दुखणे आपल्या एकट्याचे नाही. १९०४ साली सुरू झालेल्या न्यूयॉर्कच्या भुयारी रेल्वेत कितीतरी ठिकाणी १९३० च्या सुमाराचे सिग्नल आजवर राबत आले आहेत. गाड्या रात्रंदिवस चालतात. दुरुस्ती करायची कधी? आपल्याकडेही शेवटची लोकल आणि पहिली लोकल यांच्यामधले थोडेसे तास, नाहीतर रविवारचा ब्लॉक, एवढीच काय ती सवड. लाल दिवा ओलांडू पाहणाऱ्या गाडीचे ब्रेक आपणहून लावणारे ‘कवच’ आता मुंबई-दिल्ली मार्गासाठी हाती घेतले आहे. हे उत्तमच झाले.

पण खोळंब्याची किंमत सर्वांना सारखी मोजावी लागत नाही. अंधेरीच्या माणसाची एक लोकल चुकली तर दुसरी मागोमाग येते. घोलवडच्या माणसाची विरारहून सुटणारी शटल चुकली तर त्याची संध्याकाळच गेली. १९७२ सालची राजधानी आणि २०२२ सालची वंदे भारत त्याच्या स्टेशनावरून धडधडत जातात. त्यांना वाट देण्यासाठी त्याची गाडी कुठेतरी बाजूला उभी राहते. टोपलीतल्या चिकूला हे कोण समजावणार? इथल्या चिकूला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळाले, पण काढल्यावर मऊ पडण्याची त्याची घाई काही कमी झाली नाही. मुंबई नागरी वाहतूक प्रकल्पाच्या तिसऱ्या टप्प्यात विरार ते डहाणू या ६४ किलोमीटरांवर आणखी दोन मार्ग टाकण्याचे ठरले. तेही डहाणूपर्यंतच. घोलवड पुन्हा एका स्टेशनाने पलीकडे!

दिवाळीत आपण दाराशी पणती लावतो आणि तिच्यात तेल आहे की नाही हे उठून उठून पाहतो. रुळांकडेच्या दिव्यांनाही तेवढीच निगा लागते, आणि ती शहरात जशी, तशीच वाड्यांमधून जाणाऱ्या वाटेवरही. गाडी मध्येच थांबली तर लाल दिव्यावर रागावू नये. तो खोटे बोलत नाही. विचारायचेच तर एवढे विचारावे, की त्याच्या पोटातली तार शेवटची कधी बदलली होती?