किरकोळ खर्चातली पिशवी

लाकडी फर्निचरच्या एका कारखान्यात मी हिशेब लिहितो. बी.कॉम.ला जमाखर्च शिकलो. पण कामगाराच्या छातीत जाणारी धूळ कोणत्या खात्यावर लिहायची, हे कुणी शिकवले नाही.

आमच्याकडे रंधा आणि सँडर मशीनची धूळ पाईपने ओढून घेणारा डस्ट कलेक्टर आहे. भुसा खालच्या पिशवीत साचतो, हवा वरच्या कापडी पिशवीतून गाळून बाहेर पडते. ही पिशवी बुजली की ओढ कमी होते आणि धूळ मशीनवरच उडते. फाटली तर गोळा केलेली बारीक धूळ पंखा पुन्हा कामगारांच्या तोंडावर फेकतो. पण पिशवी पडते किरकोळ खर्चात, आणि काटकसरीची पहिली कात्री तिथेच लागते. मालक म्हणतात, "अजून दोन महिने चालवा."

बंधू-भगिनींनो, खरी घातक धूळ डोळ्यांना दिसत नाही. माणसाचा केस साधारण 70 मायक्रॉन जाड असतो. 10 मायक्रॉनहून बारीक धूळ छातीत खोल उतरते. स्वस्तातली 30 मायक्रॉनची पिशवी ती नीट अडवत नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने 1995 साली लाकडाच्या धुळीला माणसाला कर्करोग करणाऱ्या पदार्थांत घातले. तो मुख्यतः नाकात होतो.

एकदा आमचा हेल्पर तोंडाला रुमाल बांधून जुनी पिशवी झटकत होता. मी थांबवले, तर म्हणाला, "भाऊसाहेब, रोजचंच आहे." रुमालाने बारीक धूळ अडत नाही. आधी मेन स्विच बंद करावा, धूळ बसू द्यावी, चांगला मास्क लावावा. पिशवीचे तोंड आत दुमडून ती हळूच उतरवावी. नवी बसवताना पट्टा कडेवर घट्ट आवळावा. मशीन चालू केल्यावर कडेजवळ धूळ दिसली, तर पट्टा सैल आहे असे समजावे.

आता पिशवी बसवल्याची तारीख मी रजिस्टरला लिहितो. मागणीपत्रावर 'किरकोळ' ऐवजी 'कामगार सुरक्षा' लिहिले, तेव्हा मालकांनी थोडे थांबून सही केली. औषधपाण्याचा खर्च कारखान्याच्या वहीत येत नाही, तो आपल्या घरात येतो.

माताभगिनींनी कामाचे कपडे दारात झटकू नयेत, वेगळे भिजवून धुवावेत. आणि घरच्या माणसाला एवढे जरूर विचारावे, पिशवी शेवटची कधी बदलली?